तीन चकरा

शेलूबाजारच्या फाट्यावर काळीपिवळी जीप भरल्याशिवाय निघत नाही. दोन सवाऱ्या कमी पडल्या की ड्रायव्हर बाजारातून चक्कर मारतो, गावाचं नाव ओरडत परत फाट्यावर येतो. हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. मोबाइलवरच्या हौशी तपासनिसांना ठाऊक नव्हतं.

शिवणकाम करणारी एक बाई फाट्यावर दिसली ती शेवटची. आठ दिवसांनी तिचं प्रेत विहिरीत सापडलं. मारणारा कोण, ते अजून कळलेलं नाही. मग एका मेडिकल दुकानाच्या कॅमेऱ्यातलं चित्रण कुठूनसं बाहेर फुटलं आणि ज्यांनी वाशीम नकाशातही पाहिलं नसेल अशांनी ते घरी बसून तपासलं. बाई उभी आहे. एक जीप तिच्यासमोरून तीनदा जाते. पाळत ठेवतोय! जीप माझ्या शेजाऱ्याची. पोलिसांनी दोन दिवस चौकशी करून त्याला सोडलं. मोबाइलवाल्यांनी सोडलं नाही.

त्यावर माहितीपट करायला पुण्याहून मंडळी आली. दिग्दर्शिका नम्र होती, पण ‘सत्य’ हा शब्द लोक चहात साखर घालतात तसा घाले. मी निवृत्त मास्तर. पडद्यावर वऱ्हाडी बोलण्याखाली येणारी प्रमाण मराठी लिहायला मला घेतलं. गळ्यात कार्ड अडकवलं : भाषा सल्लागार. इतकी वर्षं शिकवलं, एवढा मान कधी गळ्यात पडला नव्हता.

शेजारी बोलायला तयार नव्हता. “गुरुजी, लेकीची सोयरीक मोडली. आता अजून काय मोडाचं राह्यलं?”

“चकरा कायले मारत होता तेवढं सांग ना बापा,” मी म्हणालो. “लोकाइले एकडाव समजलं का सुटला तू.”

त्याने इस्त्रीचा शर्ट घातला आणि सांगितलं, “सवाऱ्या भरत नोहत्या म्हणून फिरलो. सारेच फिरतात. ते बाई मले दिसलीच नाई. दिसली असती तं गाडीत बसवली नसती का?”

मग त्याला कॅमेऱ्यासाठी पुन्हा तीन चकरा मारायला लावल्या.

“ओरडू का म्याडम?”

“नको, आवाज आम्ही नंतर घालू.”

नंतर घातलेला आवाज संगीताचा होता. माहितीपट आम्ही त्याच्याच घरी पाहिला. जीप संथपणे तीनदा गेली. सवाऱ्यांचं वाक्य नव्हतं. शेवटचं तेवढं होतं, आणि खाली माझी निर्दोष मराठी : दिसली असती तर गाडीत बसवली नसती का? त्याची बायको उठून आत गेली.

दिग्दर्शिकेला फोन केला. “सर, आम्ही कुणालाच दोषी म्हटलेलं नाही. निर्णय प्रेक्षकांवर सोडलाय.”

प्रेक्षकांनी तो घ्यायला वेळ लावला नाही.

गेल्या महिन्यात मंगरूळपीरला डॉक्टरांकडे जायला मी त्याच्या जीपमध्ये बसलो. मी एकटाच. दोन बाया आल्या, त्याचं तोंड पाहून मागच्या गाडीकडे वळल्या.

“चक्कर मारून पाहतं का?” मी विचारलं.

“अन् कोणी शूटिंग काढलं तं?”

अर्ध्या तासाने त्यानेच खाली उतरून माझ्या बाजूचं दार उघडलं. “जा गुरुजी, मांगच्या गाडीत बसा. तुमाले उशीर होऊन राह्यला.”

डॉक्टर एकपर्यंतच बसतात. मी उतरलो.