बेंजोवाल्यांचा कॅमेरामन

अक्षर वाकडे आहे, शुद्धलेखनही चुकेल. चौथीपर्यंतच शिकले, माफ करा.

पेणला गणपती रंगवून साठवलेले पैसे मी धाकट्या भावाला कॅमेऱ्यासाठी उसने दिले. अष्टमी गावातल्या एका हळदीचे त्याला पहिले काम मिळाले. त्याने नवरी सोडून बेंजो पार्टीचेच शूटिंग केले.

नवरीची आई म्हणाली, "लगीन बेंजोवाल्याचं व्हतं काय रे?" तिने एक रुपयाही दिला नाही.

घरी येऊन मला व्हिडिओ दाखवत भाऊ म्हणाला, "ताई, त्यांची बोटं बघ गो!"

"बघितली. आता माझे पैसे त्यांच्याकडूनच आण."

पण बेंजोवाल्यांनी तो व्हिडिओ गावोगाव पाठवला. तो बघून माहितीपटवाल्यांनी त्याला बोलावले. आता तो बैलगाडी शर्यतवाल्यांच्या, डीजेवाल्यांच्या मागे फिरतो.

यंदा भाऊबीजेला त्याने ताटात पैसे ठेवले. मी ओवाळणी वेगळी काढायला लावली, मग मोजले. सगळे फिटले.