दुसरी साक्ष

हैदराबादच्या रेडिओवर मी मराठी बातम्या आणि राजकीय घडामोडींचं टिपण लिहीत असे. उर्दू बातम्या माझ्यासमोर बसणारे एक गृहस्थ लिहीत आणि स्वतःच वाचत. वयानं मोठे, म्हणून मी त्यांना भाईजान म्हणे. आम्ही दोघंही कुरुंद्याचे. गावात आमच्या घरांमध्ये एक बोळ होता, इथं एक टेबल.

सरकारनं वसूल केलेलं लेव्हीचं धान्य, कौन्सिलातल्या जागा, युद्धात बुडालेली जहाजं, असे आकडे जमवणं माझं काम. भाईजान चिडवत, "पंडत, तुमच्या बातमीत माणसं कमी अन् आकडे जास्त. लोकाईला जेवणाचं सांगा, ताटं काहून मोजता?" पण एका बाबतीत ते माझ्याहून कडक होते. एकानं सांगितली ती अफवा, दोघांनी वेगवेगळी सांगितली तरच खबर. दुसरी साक्ष मिळेपर्यंत ते ओळ कागदावर घेत नसत.

त्यांची धाकटी बहीण हिंगोलीत दिलेली. शेजारच्या हळदीच्या अडत्याकडे बॅटरीवरचा रेडिओ होता, तो तिला परसातून ऐकू येई. ईदेला भेटली की तिची तक्रार ठरलेली, "भाईजान, तुमी लई घाईत बोलता. मी चुलीवरून उठून येईस्तोवर तुमचं संपून जातं." मला शिरखुर्मा वाढताना म्हणे, "तुमी तरी सांगा यांना, बराबर बोला म्हणून." भाईजान हसत. वाचायचे मात्र तसंच.

अठ्ठेचाळीसच्या पावसाळ्यात टपाल थांबलं, गाड्या थांबल्या. भाद्रपदात पोलीस कारवाई झाली. रेडिओ नव्या सरकारच्या हाती गेला, आम्ही त्याच टेबलाशी राहिलो. बर्लिनची खबर रोज येई. हिंगोलीची येत नव्हती, आणि बहिणीचे दिवस भरत आले होते. भाईजान विचारत काही नसत, तारयंत्राजवळ नुसते उभे राहत.

गाड्या सुरू झाल्यावर मी म्हणालो, "तुम्ही नका जाऊ, सध्या मुसलमानांना दिवस बरे नाहीत. मी जाऊन येतो."

हिंगोलीच्या स्टेशनावर तिच्याच गल्लीतला टांगेवाला भेटला. "ती बाई गेली, साहेब. बाळंतपणात. दवाखाना बंद होता." घराला कुलूप होतं. नवरा आपल्या भावाकडे गेला होता. मला तेवढ्यावर परतता येईना. माणूस चुकतो, घरं चुकतात. मी चौकशी करत मय्यत झालेल्या बायकांना गुस्ल, म्हणजे शेवटची अंघोळ, घालणाऱ्या म्हातारीकडे गेलो.

बहिणीच्या भुवईवर लहानपणी झोक्यावरून पडल्याचा व्रण होता. तो कोणत्या बाजूला होता, असं मी विचारलं. म्हातारी भडकली.

"मेल्या बाईची निशाणी विचारून राहिला? काहून?"

"तिच्या भावाला सांगायचंय."

"मंग निशाणी कशाला लागते? रडत सांग, त्याला कळते." मग स्वतःच म्हणाली, "डाव्या. लेकरू तिच्या कुशीतच ठेवलं."

व्रण डाव्याच भुवईवर होता.

हैदराबादला पोचलो तेव्हा भाईजान लिहीत बसले होते. माझ्याकडे पाहून त्यांनी दौतीचं झाकण लावलं.

"किती जणांनी सांगितलं?"

"दोघांनी."

"दुसरं कोण?"

"गुस्ल देणारी."

बरं आहे की वाईट, हे त्यांनी विचारलंच नाही. म्हणाले, "मग खबर पक्की आहे," आणि दौत उघडून पुन्हा लिहू लागले.

संध्याकाळच्या बातम्या तुम्ही वाचू नका, असं मी आणि आमचे वरिष्ठ दोघांनीही सांगितलं. त्यांनी ऐकलं नाही. मी काचेबाहेर उभा होतो. ते एकेक शब्द सुटा करून वाचत होते, वाक्य संपलं की थांबत होते, जणू कुणी चुलीवरून उठून येत आहे. यंत्रावरचा माणूस आतून हातानं 'आटपा' अशा खुणा करत राहिला. वेळ संपली तेव्हा त्यांच्या हातात शेवटची दोन पानं तशीच होती.