नानांच्या बोटांतली अक्षरं

नाना गेल्याचा फोन त्यांच्या मुलीने सुरतेहून केला, तेव्हा मी त्यांच्याच खुर्चीत बसून त्यांनाच फोन लावायच्या बेतात होते. नवापूरकडच्या एका पाणीयोजनेच्या नकाशावर 'झरा' लिहायचं होतं आणि 'झ' कीबोर्डच्या कुठल्या कळेवर आहे, ते सापडत नव्हतं...

नंदुरबारच्या आमच्या नकाशांच्या ऑफिसात नाना सगळ्यांत जुने. ग्रामपंचायतींना नकाशावर मराठी हवं असे आणि आमच्या सॉफ्टवेअरमध्ये साधा मराठी फॉन्ट टाकला की काना एकीकडे, वेलांटी दुसरीकडे. कधी नुसती प्रश्नचिन्हं. मग नानांनी एक फॉन्ट त्या सॉफ्टवेअरला चालेल असा नुसत्या रेघांच्या अक्षरांत बदलून घेतला, एकेक अक्षर स्वतः दुरुस्त करत. नकाशे देखणे निघू लागले. साहेब येणाऱ्याजाणाऱ्याला आपल्या अहिराणीत निर्धास्तपणे ऐकवत, "नाना शेतस ना, मंग कसानी चिंता?"

घोळ एवढाच झाला, की अक्षरं त्यांनी स्वतःच्या बोटांना सोयीची पडतील तिथे बसवली. कुठलं कुठे, हे त्यांनाही तोंडी सांगता येत नसे. विचारलं की आधी टेबलावर बोटं वाजवत, मग सांगत. आम्ही त्यावरून त्यांना फार चिडवायचो. सगळं कागदावर उतरवायला कितीदा बसलो, पण मध्येच कुणाचा तरी अर्जंट नकाशा येई. नानांच्या पत्नी, आमच्या काकू, गेल्यावर मुलीने त्यांना कायमचं सुरतेला न्यायचं ठरवलं. साहेब म्हणाले, एवढं काम होऊ द्या. होळी गेली, सारंगखेड्याची यात्रा गेली, कामं काही संपेनात. मला साहेबांचा संताप यायचा. एकदा चहाच्या वेळी नाना म्हणाले, "मन्हाच काममा मी अडकी गऊ, पोरी." म्हणताना हसले, पण चहा तसाच राहिला.

शेवटी सुरतेला गेले ते चार दिवसांच्या रजेवर... तिथेही आमचे फोन होतेच. मुलगी सांगत होती, दवाखान्यात बाबा चादरीवर बोटं मारत होते. काय लिहीत होते, ते तिला माझ्याकडून हवं होतं.

त्यांचा कीबोर्ड अजून तोच आहे, कळांवरचं सगळं पुसून गेलेला. चाचपडत चाचपडत मला तो येऊ लागलाय. माझ्या नवऱ्याची नाशिकला बदली झालीय, घर बघून ठेवलंय, मी साहेबांना सांगायचं तेवढं बाकी आहे. काल 'झ' सापडला. साहेब मागेच उभे होते. पडद्याकडे बघत समाधानाने म्हणाले, "तू शे ना, मंग कसानी चिंता?"