थदडीच्या दिवशी अकोल्यात

"अकोल्याला कुणी फिरायला जातं का?" हा प्रश्न आमच्या घरी तीन वेळा विचारून झाला. जातं. मी गेले, आणि तेही नुसतं दाल-पकवान, म्हणजे कुरकुरीत तळलेली पुरी आणि हरभऱ्याची डाळ, खायला. नाशिकहून इतक्या लांब खायला निघालेल्या पन्नाशीच्या बाईला जे काही म्हणतात, ते सगळं ऐकून घेऊन गेले.

बँकेतली माझी मैत्रीण अकोल्याची. तिथल्या सिंधी कॅम्पातलं, सगळे ज्यांना काकी म्हणतात त्या बाईंचं हॉटेल हा तिचा कायमचा विषय. फाळणीनंतर इकडे आलेल्या काकींच्या वडिलांनी ते सुरू केलं आणि पुढे काकींनी चालवलं. गेल्या महिन्यात तिनं बातमी आणली की काकींचा मुलगा त्यांना पुण्याला नेतोय, दिवाळीला हॉटेल बंद होणार. मग मी वाट कशाची बघू?

आधी दोन दिवस अमरावतीला भाचीकडे उतरले. गिला वडा खाल्ला. दह्यात भिजलेला वडा आणि वर मिरचीचा असा ठेचा, की डोळ्यांना धारा लागल्या. "मावशी, पाणी नको पिऊ. अजून एक खा, मंग तिखट लागत नाई," भाची म्हणाली. हा उपाय लागू पडला, हे कबूल करायला हवं.

तिसऱ्या दिवशी सकाळची अकोल्याची एसटी धरली. बायकांना अर्धं तिकीट, त्यामुळे शंभरच्या आत काम झालं. मूर्तिजापूरमार्गे अडीच तास लागतात, रस्ता आता झकास आहे. दोन्हीकडे सोयाबीन आणि कपाशी, मधूनच श्रावणाची एखादी सर. स्टँडजवळच्या लॉजवर बॅग टाकली, रिक्षा केली आणि साडेअकराला, पोटात कावळे ओरडत असताना, काकींच्या दारात उभी राहिले. शटर अर्धं खाली होतं.

वाकून आत पाहिलं. पंच्याहत्तरीच्या, सलवार-कमीज घातलेल्या काकी आणि त्यांच्यासमोर पन्नाशीची, साडीतली एक बाई, अशा दोघी टेबलाशी जेवत होत्या.

"बंद आहे का?"

"चूल बंद हाये," काकी म्हणाल्या. "जेवण बंद नाई. या आतमधी."

गोकुळाष्टमीच्या आदल्या दिवशी सिंधी घरांत थदडी असते. तिच्या आदल्या संध्याकाळी सगळा स्वयंपाक करून चूल धुतात, देवीची पूजा करतात आणि दुसरा अख्खा दिवस विस्तव पेटवत नाहीत. वर्षातून एकदा हे हॉटेलही थंड असतं, आणि मी नेमका तोच दिवस गाठला होता. स्वतःवर चिडावं की हसावं, तेच कळेना.

पुढ्यात आली कोकी, म्हणजे कांदा-मिरची घातलेली जाड, खरपूस पोळी. जोडीला लोला नावाची गोड पोळी, भरली कारली आणि घट्ट दही. सगळं थंडगार. घरी थंड पोळी वाढली तर मी तोंड वाकडं करते, इथे तिसरी कोकी मागून घेतली. आणि मग, माझी जीभ कधी गप्प बसते का, म्हणाले, "काकी, ही चव सिंधी हातालाच यायची. तुम्ही गेलात की संपलं हे."

समोरच्या बाईचा घास हातातच राहिला. "पायलं काकी? मी काय सांगून राहिली होती? लोक हेच म्हणतीन."

काकींनी आपले दोन्ही हात टेबलावर ठेवले. बोटं संधिवातानं वाकडी झालेली. "मॅडम, आठ वर्सं झाली, हे हात कणकेले लागले नाई. तुमी खाल्लं थे सारं या सुमनच्या हातचं हाये."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. सुमनताई अठ्ठावीस वर्षांपूर्वी भांडी घासायला आल्या आणि हळूहळू सगळं शिकल्या. काकींना हॉटेल त्यांच्याच हाती द्यायचं होतं, मुलालाही त्यांनी तसं बजावलं होतं. सुमनताईच तयार होत नव्हत्या.

"बंद झालं तं कोणाच्या घरी पोळ्या लाटीन," त्या मला म्हणाल्या. "पण गिऱ्हाईक आलं अन् सिंधी काकी नाई म्हणून वापस गेलं, थे मले नाई पायवणार."

"उद्या चूल पेटायच्या आधी सांग," काकी म्हणाल्या. "मले पोराले जबाब द्यायचा हाये."

नाशिकची रात्रीची गाडी सोडून दिली आणि नवऱ्याला फोन केला. "राहा," तो म्हणाला, "तुझी चूल इथेही बंदच आहे." त्याला हसू सुचत होतं. मला दिवसभर माझंच वाक्य ऐकू येत होतं. नकार आला तर त्यात माझाही हात असणार होता.

सकाळी सातला पोचले. अष्टमीचा उपास नसलेले सगळे बहुतेक तिथेच जमले होते. काकींनी काडेपेटी पुढे केली. सुमनताईंनी ती घेतली नाही.

"काकी, एक सांगू का? थदडीची पूजा माह्याच्यानं होणार नाई. आमी बौद्ध लोक, तुमाले मालूम हाये."

"मालूम हाये."

"पण त्या दिवशी चूल बंद राहीन. मी हाये तोवर."

काकी ओढणीनं डोळे पुसून म्हणाल्या, "मंग पेटव."

"पेटव ना वो ताई, भूक लागून राहिली!" मागून कुणीतरी ओरडलं आणि सगळे हसले. भट्टी पेटली. पहिली प्लेट मी मागितली, सुमनताईंचं नाव घेऊन मागितली. पकवान कुरकुरीत होतं, डाळ जिभेवर रेंगाळणारी. पण खरं सांगते, चवीकडे माझं निम्मंच लक्ष होतं.

नाशिकला येऊन आठवडा झाला. या ब्लॉगवर मी किती ठिकाणच्या जेवणाला 'अस्सल' म्हटलंय, ते काल मोजायला बसले आणि मध्येच सोडून दिलं. आत कोण रांधतंय, हे मी एकदाही विचारलं नव्हतं. त्याची लाज वाटते, आणि ती वाटत राहिलेलीच बरी.

तुम्ही जाणार असाल तर सकाळी सातला जा, नऊनंतर पकवान उरत नाही. दिवाळीनंतर गेलात तर काकी गल्ल्यावर दिसणार नाहीत. त्या कुठे आहेत म्हणून विचारत दारात उभे राहू नका. सरळ आत जाऊन बसा आणि म्हणा, "सुमनताई, एक प्लेट."