विषारी छत्र्या

पेठ नाक्यावर पावसाळ्यात एक बाई रानातली अळंबी विकायला बसायची. मी कॉलेजात वनस्पतीशास्त्र शिकवतो. मला न ओळखता आलेल्या बारक्या छत्र्या एकदा तिच्यासमोर ठेवल्या. तिने एकेक उलटी करून पाहिली, देठ नखाने चिरला, वास घेतला आणि विषारी तेवढ्या बाजूला काढल्या. त्यांतली एक हातात धरून ती म्हणाली, “हिनं माझी लेक नेली. लिवा साहेब, आमच्या पाड्यावरच्या पोरींना वाचाया हुईल.”

मी सगळं लिहून घेतलं. पुढे माझा शोधनिबंध इंग्रजीत छापून आला, मला बढती मिळाली. पाड्यावर मात्र मी एक कागदही पोचवला नाही. निबंधाच्या शेवटी ‘एका स्थानिक महिलेचे’ आभार आहेत. तिचं नाव मी विचारलंच नव्हतं.