खळ्यावरची चौकी

राजुऱ्याला आमचं फर्निचरचं दुकान होतं. अब्बा पलंग आणि कपाटं करायचे. मी नागपूरला चित्रकला शिकलो आणि नाटकांचे पडदे रंगवता रंगवता सिनेमाच्या धंद्यात शिरलो. नव्वदच्या दशकात मुंबईकरांना जंगल हवं असलं की ते मला बोलावत. जागा शोधायची, गावाला राजी करायचं, सेट उभारायचा, आणि तो सेट आहे हे पडद्यावर कुणाला कळू द्यायचं नाही. आपलं काम दिसत नाही, याचाच मला अभिमान होता.

त्या सिनेमाला जंगलातली पोलीस चौकी हवी होती. खऱ्या चौकीत शूटिंगची परवानगी कोण देणार? सिरोंच्याच्या वाटेवर एका गावात मला हवी तशी मोकळी जागा सापडली. गावच्या पाटलाचं खळं होतं ते. पाटील म्हातारा होता, धान करायचा. त्याने जागा दिली, पण एका अटीवर.

"भाऊ, काम झालं का हे पाडाच लागन. आतल्या लोकायनं पाह्यलं त मी काय सांगू?"

जंगलातल्या बंदूकवाल्यांना आमच्याकडे 'आतले लोक' म्हणतात. दिग्दर्शक बाजूलाच उभा होता. तो पुढे होऊन म्हणाला, "काका, शेवटच्या दिवशी तुमच्या डोळ्यांदेखत पाडू. शब्द देतो."

मी चौकी उभी केली. प्लायवूडच्या भिंती, त्यावर चुना, वाळूची पोती, बांबूचं मचाण आणि वर निळ्या-लाल पट्ट्यांचा बोर्ड. इतकी हुबेहूब झाली की जाता-येता एसटीतले लोक खिडकीतून मान काढून बघत. गावातल्या बाया मात्र पाण्याला लांबच्या वाटेनं जाऊ लागल्या.

शूटिंग संपलं. मी सुतारांना पाडायला सांगितलं, तर दिग्दर्शकाने थांबवलं. "हात लावू नका. थोडं पॅचवर्क, दोन-चार शॉट राहिलेत. आम्ही परत येतोय."

"तुम्ही म्हाताऱ्याला शब्द दिलाय."

"अरे, प्लायवूडला कोण घाबरतं?"

मी खूप भांडलो. पण माझे सुतार आणि अवजारं ज्या ट्रकमध्ये होती, तो ट्रक त्याने तेवढ्यात रवाना केला. राजुऱ्याहून मी एसटीडी बूथवरून फोन करत राहिलो. प्रत्येक वेळी "पुढच्या आठवड्यात येतो" हेच उत्तर. कोणी आलं नाही.

एक दिवस त्या रस्त्याच्या एसटीचा ड्रायव्हर दुकानात आला. म्हणाला, "तुमच्या पाटलाले लई मारलं म्हणते." मी तसाच निघालो.

घरी पाटलाची म्हातारी एकटीच होती. तिने मला बसायला सांगितलं नाही.

"आतले लोक आले. म्हणे, पोलिसायले जागा काऊन देली? यायनं सांगतलं, लाकडाचं आहे, खोटं आहे. एकानं लाथ मारली त पाय आरपार गेला. हासले सगळे. मंग म्हणे, आज खोट्याले देली, उद्या खऱ्याले देशीन. अन् मारलं. त्याच्या मागून पोलीस आले. म्हणे, आमचा बोर्ड कोनाले इचारून लावला? त्यायनं ठाण्यात बसवून ठेवलं."

"आता कुठी आहे पाटील?"

"नदीपल्याड, पोरीच्या गावाले. इथी राहाले भेते."

"बाई, मी पाडतो."

"आता पाडून काय करता?" ती म्हणाली. तरी आत जाऊन कुऱ्हाड घेऊन आली.

जे उभारण्यात मी इतका जीव ओतला होता, ते बघता बघता पडलं, आणि तिने त्या ढिगाला आग लावली. तिच्या गोठ्याची एक बाजू उघडी होती. त्यासाठी मी प्लायवूडचे चांगले तुकडे बाजूला काढले, तर तिने तेही ओढत नेऊन आगीत टाकले.

सिनेमा आला. मी चंद्रपूरला जाऊन पाहिला. पेपरात छापून आलं की दिग्दर्शकाने जीव धोक्यात घालून खऱ्या ठिकाणी चित्रण केलं. त्यानेही ते कुठे नाकारलं नाही.

पुढे मी डोंग्यातून गोदावरी ओलांडून आंध्रात पाटलाला भेटायला गेलो. तो लेकीच्या ओसरीत बसला होता, त्याला एक हात नीट उचलता येत नव्हता. मी शिव्या खायच्या तयारीनेच गेलो होतो. त्याने लेकीला चहा टाकायला सांगितला.

"पिच्चर कसा झाला?" त्याने विचारलं.

"चांगला झाला."

"माह्यं घर दिसते का त्याच्यात, मागं?"

घर दिसत नव्हतं. फ्रेममध्ये नको म्हणून मीच त्याच्यापुढे झाडाच्या फांद्या उभ्या करवल्या होत्या.

"दिसते," मी म्हणालो.

त्याने लेकीला तेलुगूत काहीतरी सांगितलं. तिने माझ्याकडे पाहिलं आणि ती हसली.

पाटील गावी परतला नाही. बाईनेही शेत बटईनं दिलं आणि ती नदीपलीकडे गेली. त्या दिग्दर्शकाने नव्या सिनेमासाठी मला फोन केला, जणू काही झालंच नव्हतं. मी काय बोललो ते इथे लिहिण्यासारखं नाही. त्यानंतर मुंबईतून मला कोणी बोलावलं नाही. मी अब्बांच्या दुकानात पलंग करायला बसलो.