हप्ता बदलला नाही

दत्तात्रय सबनीसबद्दल लिहायचं तर आधी माझा वाटा सांगून टाकतो, नाहीतर पुढचं सगळं सांगताना मी उगीच साळसूद दिसेन. मी एकतीस वर्षं बँकेत काढली, त्यातली शेवटची बारा गृहकर्जाच्या टेबलावर. दत्तात्रयचं कर्ज आमच्या बँकेचं नव्हतं, पण सगळ्या बँकांची रीत एकच. फरीदाबादमध्ये तो माझा सगळ्यात जुना मित्र. तरीही त्याच्या घराच्या कर्जाबद्दल मी त्याला वीस वर्षांत एक प्रश्न विचारला नाही.

आमची ओळख मंडळातली. इथली मराठी माणसं चारी दिशांना पांगलेली, गणपतीचे दिवस आणि कोजागिरी सोडली तर एकमेकांची तोंडं दिसत नाहीत. दत्तात्रय मंडळाचा खजिनदार. एका वर्षी वर्गणीच्या हिशेबात सात रुपये जुळेनात, तर या गृहस्थाने आम्हा पाच जणांना आरती झाल्यावर पानावर बसू दिलं नाही. सात रुपये शेवटी मखराच्या थर्माकोलच्या पावतीत सापडले. तेव्हा त्याच्या चेहऱ्यावर जे समाधान पसरलं, ते बघून मला हसावं की रागवावं ते कळेना.

नोकरी मानेसरला, मोटारींचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यात. पहाटे साडेपाचला कंपनीची बस पकडायची आणि दिवसभर तयार भाग मोजायचे. केसाच्या जाडीएवढा फरक निघाला तरी भाग बाजूला. बरोबर असेल तर कागदावर हिरव्या शाईने 'ठीक', खाली 'द. स.' आणि तारीख. त्याच्या हाताखालून गेलेला भाग कधी परत आला नाही असं तो सांगायचा, आणि ते खरंच असणार.

घर घेतलं ते २००४ साली. तिसऱ्या मजल्यावरचा दोन बेडरूमचा फ्लॅट, लिफ्ट नाही. पंधरा लाखांचं कर्ज, आठ टक्के व्याज, वीस वर्षं. महिन्याचा हप्ता बारा हजार पाचशे सत्तेचाळीस. प्रभावहिनी एका खाजगी शाळेच्या ऑफिसात फीचं काम बघायच्या. त्यांचा पगार तेव्हा तेरा हजार. नवराबायकोने ठरवून टाकलं की वहिनींचा पगार घराला आणि दत्तात्रयचा पोटाला. सोपी वाटणी होती. त्या वाटणीने वहिनींना वीस वर्षं त्या फीच्या खिडकीशी बांधून ठेवलं, हे तेव्हा कोणाच्या डोक्यात आलं नाही, माझ्याही नाही.

वहिनींची आई, द्वारकाबाई, मिरजेला एकट्या राहायच्या. वहिनी त्यांची एकुलती एक. एकदा नोव्हेंबरात आईला इथे कायमचं आणलं होतं. दिवाळीनंतरच्या धुराने म्हातारीला अशी धाप लागली की तिसऱ्या आठवड्यात डॉक्टरांनी सांगितलं, यांना परत पोहोचवा. वहिनी पोहोचवून आल्या आणि त्या दिवसापासून घरात एक वाक्य सुरू झालं, घराचं फिटलं की मी आईकडे. वर्षातून आठ दिवस जाणं व्हायचं, पण वहिनींना तिथे राहायचं होतं, आईचं हवं-नको बघायचं होतं. तारीख ठरलेली होती. जुलै २०२४ ला शेवटचा हप्ता आणि त्याच सुमारास दत्तात्रयची निवृत्ती. द्वारकाबाईंनाही ती पाठ होती. दर रविवारी फोनवर त्या विचारायच्या, किती राहिले? वहिनी आकडा सांगायच्या. दर महिन्याला तो एकाने कमी व्हायचा.

आता पेढ्यांचं सांगतो. घर घेऊन दोनेक वर्षं झाली आणि व्याजाचे दर चढायला लागले. त्याचं कर्ज बदलत्या दराचं होतं. बँकेचं पत्र आलं की दर वाढला आहे, मात्र आपल्या हप्त्यात बदल नाही. दत्तात्रय त्या संध्याकाळी पेढे घेऊन माझ्याकडे हजर. लोकांचे हप्ते वाढतात, आपला वाढला नाही, बँक भली आहे, असं त्याचं म्हणणं. पुढे असं पत्र आलं की पेढे, हा रिवाजच पडला.

ज्यांना हे ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो. व्याज वाढलं आणि हप्ता तोच राहिला, तर त्या हप्त्यातला मोठा घास व्याज खातं, मुद्दल कमी फिटतं आणि हप्त्यांची संख्या वाढते. भलेपणाचा काही संबंध नाही. हे मला झोपेतून उठवून विचारलं असतं तरी सांगता आलं असतं, आणि मी पेढा तोंडात टाकून वा वा म्हणत होतो. मला वाटलं, सात रुपयांसाठी माणसांना उपाशी ठेवणाऱ्याने पुढची ओळ वाचलीच असेल. शिवाय आपल्याकडे दुसऱ्याच्या घरातल्या पैशात डोकावणं असभ्य समजतात. तो विचारत नव्हता कारण घरची गोष्ट मित्राला दाखवायची नसते, आणि मी सांगत नव्हतो कारण त्याने विचारलं नव्हतं. खरं सांगायचं तर त्याच्या आनंदावर पाणी टाकायचं माझ्या जिवावर आलं. दर वेळी आलं.

जुलै २०२४ उजाडला. वहिनींनी महिन्याच्या पहिल्या तारखेला शाळेत राजीनामा दिला होता. मिरजेची दोन तिकिटं काढली होती, त्यांचं जाण्याचंच, यायचं फक्त दत्तात्रयचं. शेवटचा हप्ता गेला आणि दोघं नीट कपडे करून घराचे कागद आणायला बँकेत गेले. नीरज नावाचा तरुण अधिकारी होता. त्याने खातं उघडलं, पुन्हा एकदा बघितलं आणि स्क्रीन त्यांच्याकडे वळवली.

"अंकल, अभी तो उनासी ईएमआई बाकी हैं।"

दत्तात्रयने त्याला सांगितलं की तुमची काहीतरी गडबड आहे, तपासून बघा. नीरजने तीनदा तपासून दाखवलं, एकोणऐंशी हप्ते बाकी. बिचाऱ्याचा काही दोष नव्हता, कर्ज दिलं तेव्हा तो पहिलीत असेल. वीस वर्षांत तीस लाख भरून झाले होते आणि सात लाख पस्तीस हजार अजून देणं होतं. २०३१ सालापर्यंत.

दोघं तिथून थेट माझ्याकडे आले. दत्तात्रयने टेबलावर फाइल ठेवली. बँकेची अकरा पत्रं, तारखेप्रमाणे लावलेली, एकालाही सुरकुती नाही. प्रत्येकावर हप्त्याची ओळ पट्टीने अधोरेखित केलेली आणि शेजारी हिरव्या शाईत लिहिलेलं, 'हप्ता बदलला नाही. ठीक. द. स.' त्याच्या बरोबर खालची ओळ शिल्लक हप्त्यांची होती. ती दर पत्रात फुगत गेली होती आणि तिला कोणी हात लावला नव्हता. एका पत्रात तर बँकेने लिहिलं होतं की थोडी फी भरलीत तर कमी व्याजाच्या नव्या दरात जाता येईल. त्यावरही 'ठीक'. ती फी त्याच्या त्या वेळच्या महिनाभराच्या किराण्यापेक्षा जास्त नव्हती. असली पत्रं आमच्या बँकेत मी स्वतः लिहिलेली आहेत. वाचणाऱ्याला तिसऱ्या ओळीत जांभई यावी अशीच ती भाषा असते.

मी पत्रं वाचत होतो आणि तो माझ्याकडे बघत होता.

"तुला माहीत होतं?" त्याने विचारलं.

"अंदाज होता," मी म्हणालो.

"आणि तू पेढे घेत होतास."

एवढंच तो बोलला. आवाजही चढवला नाही. मला त्या क्षणी खूप लाज वाटली, आजही वाटते.

त्या रविवारी आईच्या प्रश्नाला वहिनींनी आकडा सांगितला नाही. शाळेला माणूस मिळत नाहीये, थोडं थांबावं लागेल, असं खोटंच सांगितलं. त्यांची मुलगी सलोनी बंगलोरहून बापावर चिडली. बाबा, एकदा पूछ तरी लेते यार, असं म्हणाली आणि मग फोनवरच रडली. तिने पैसे देऊ केले, पण तिचंही नुकतंच घर झालं होतं, आणि पोरीच्या कर्जाचे कागद मागवून वाचल्यावर दत्तात्रयने तिचा एक पैसा घेतला नाही.

मग मी माझी हुशारी दाखवली. निवृत्तीचे म्हणून दत्तात्रयला सगळे मिळून चौदा लाख आले होते. सलोनीच्या शिक्षणासाठी आणि लग्नासाठी फंडातून आधीच उचल झाली होती, त्यामुळे उरलं ते एवढंच, आणि त्याच्या व्याजावर म्हातारपण काढायचं. त्यातले निम्म्याहून थोडे अधिक बँकेत घातले असते तर कर्ज त्याच दिवशी संपलं असतं आणि वहिनी ठरल्या गाडीने गेल्या असत्या. दत्तात्रय घाबरला. एकदा फसलेला माणूस हातातला पैसा सोडायला तयार होईना. मी म्हणालो, दुसरा मार्ग आहे. फी भरून दर कमी करून घेऊ, वहिनींचा आताचा अठ्ठावीस हजार पगार आणि वर थोडे घालून महिना साडेतेहेतीस हजार भरले तर दोन वर्षांत कर्ज साफ, आणि चौदा लाखांना धक्का नाही. मी तक्ता मांडून दिला. चोवीस ओळी, शेवटी शून्य. कागदावर एक पैशाची चूक नव्हती. त्यात द्वारकाबाईंचं वय कुठे लिहायचं हे मात्र मला सुचलं नाही.

ते वहिनींना सुचलं. त्यांनी तक्ता शांतपणे बघितला आणि म्हणाल्या, "दोन वर्षांनी आई नव्वदची होईल."

मग त्याच म्हणाल्या की आई काटक आहे, राहील. दुसऱ्या दिवशी त्यांनी शाळेत जाऊन राजीनामा मागे घेतला आणि तिकिटं रद्द केली.

दत्तात्रय त्यानंतर मंडळात आला नाही. खजिनदारी सोडतो असं चार ओळींचं पत्र पाठवलं. मी घरी गेलो तर चहा व्हायचा, पण तो हवेबद्दल आणि वर्तमानपत्राबद्दल बोलायचा. संध्याकाळी वहिनी शाळेतून येऊन तीन जिने चढायच्या, तेव्हा तो उठून त्यांच्या हातातली भाजीची पिशवी घ्यायचा आणि त्यांच्याकडे बघायचं टाळायचा.

जानेवारीत, म्हणजे तक्त्यातली सहावी ओळ चालू असताना, मिरजेहून फोन आला. वहिनी शाळेत होत्या, फीची मुदत असल्याने खिडकीवर रांग होती. द्वारकाबाई सकाळी अंघोळ करून बसल्या होत्या आणि बसल्या जागीच गेल्या. दिल्लीत त्या दिवशी धुकं इतकं की विमानं अडकलेली. वहिनी आणि दत्तात्रय नऊ तास विमानतळावर बसून होते. पुण्याला उतरून मिरजेला पोहोचेपर्यंत दुसरा दिवस मावळला होता. वहिनींच्या मामेभावाने, सुधन्वाने, थांबता येईल तेवढं थांबून सगळं उरकलं होतं. वहिनींना आईचं तोंड दिसलं नाही.

आतल्या खोलीत एक नवीन पलंग होता. द्वारकाबाईंनी तो जूनमध्ये घेतला होता, लेक येणार म्हणून. गादीवरचं प्लॅस्टिकही काढलेलं नव्हतं. खोलीला रंग दिला होता. सुधन्वाने बँकेची पावती हातात ठेवली. सहा लाखांची ठेव, वारस म्हणून वहिनींचं नाव. प्रभा नोकरी सोडून येईल, तिला नवऱ्याकडे हात पसरायला लागू नये, म्हणून आत्या कितीतरी वर्षं साठवत होत्या, असं तो म्हणाला.

त्या पैशांनी कर्ज फिटलं. मे २०२५ मध्ये. माझा तक्ता सव्वा वर्ष आधीच संपला.

कागद आणायला या वेळी मीही बरोबर गेलो. पंधरा लाखांच्या कर्जापायी जवळजवळ अडतीस लाख गेले होते, हे मी मनातल्या मनात मोजलं आणि कोणालाही सांगितलं नाही. नीरजने उभं राहून मूळ कागद दिले, बधाई हो आंटी जी म्हणाला. वहिनींनी सगळ्या पानांच्या ओळी बोट ठेवून वाचल्या, पहिलीपासून शेवटचीपर्यंत. अर्धा तास लागला. मागच्या माणसाने कुरकुर केली तरी त्या थांबल्या नाहीत. मग सही केली.

बाहेर ऊन रणरणत होतं. दत्तात्रय ई-रिक्षा बघायला पुढे गेला. काहीतरी बरं बोलावं म्हणून मी म्हणालो, "वहिनी, आता तरी शाळेचा राजीनामा द्या."

त्यांनी पदराने चेहऱ्यावरचा घाम टिपला.

"देईन की," त्या म्हणाल्या, "पण भावजी, देऊन जाऊ कुणाकडे?"

दत्तात्रय रिक्षा घेऊन आला होता. त्याने ते ऐकलं. तो रिक्षातून उतरला नाही, नुसता सरकून त्याने त्यांच्यासाठी जागा केली.